चौथ्या प्रयत्नाला उठायचं नाही

शुक्रवार, जानेवारीचा दुसरा आठवडा, संध्याकाळी सहा. स्थळ: न्यूझीलंडमधलं पोरिरुआ, आमची बाहेरची खोली. हजर: मी, माझे यजमान मिलिंद, शेजारचे अरुणराव आणि समोरच्या घरातला टासी. सिस्टर नव्हत्या. सिस्टर म्हणजे अरुणरावांच्या पत्नी. त्या ऑगस्टमध्ये गेल्या.

विषय एकच होता. उद्या अमेरिकेतल्या कॉलेज फुटबॉलच्या प्लेऑफची सेमीफायनल आहे आणि सिस्टरांचा मुलगा निनाद तीत खेळतो. तिथे शुक्रवारची संध्याकाळ असेल, इथे शनिवारची दुपार. मॅच कुठल्या ॲपवर दिसेल, महिन्याची वर्गणी कुणी भरली, टीव्हीला जोडून कुणी तपासलं, सगळं आटोपलं. माझ्या नावावरचं एक काम तेवढं राहिलं. निनादचा निरोप आलाय: मावशी, आई पाठवायची तसा हँडओव्हर तू पाठव, स्टेडियमची बस निघायच्या आत. आणि शेवटचं वाक्य आईचंच ठेव. त्या वाक्यापाशी मी अडले आहे. का, ते कळायला सिस्टर माहीत हव्यात.

सिस्टर बोलायच्याच हँडओव्हरमध्ये. आधी मिरजेला आणि मग वेलिंग्टनला, सगळं आयुष्य वॉर्डात गेलेलं. पाळी बदलताना एक नर्स दुसरीला पेशंटची माहिती देते, त्याला मिरजेला ‘ओव्हर देणं’ म्हणायचे, इथे हँडओव्हर. कोण आहे, काय झालंय, काय दिलंय, कशावर लक्ष ठेवायचं. सिस्टरांना जगातली कुठलीही गोष्ट या चार खणांत बसवता यायची. एकदा त्या भाचीच्या लग्नाला भारतात निघाल्या तेव्हा त्यांनी मला घराचा हँडओव्हर दिला. “कढीलिंबाची कुंडी. थंडीने पानं गळालीत, घाबरायचं नाही, पाणी कमी. गरम पाण्याचा नळ, ठिबकतो, प्लंबरला सांगितलंय. अहो. बीपी बरं आहे, लोणचं मागतील, द्यायचं नाही.” अरुणराव शेजारीच उभे होते. ते म्हणाले, मी इथे आहे. “आता पेशंटच्या समोरच द्यायचा असतो,” सिस्टर म्हणाल्या. “नवीन पद्धत आहे.”

निनाद इथलाच. मराठी सगळं समजायचं, उत्तर इंग्रजीत. शाळेत रग्बी खेळायचा आणि त्यातही त्याला पळण्यापेक्षा लाथ मारण्यात रस. टासी त्या वेळी मुलांचा संघ सांभाळायचा. त्याने या पोराला वाऱ्यात उभं करून शिकवलं. पोरिरुआत वारा शोधावा लागत नाही. चेंडू कुठे मारलाय त्यापेक्षा वारा तो कुठे नेणार आहे ते आधी बघ, एवढंच टासी सांगत राहायचा. पुढे मेलबर्नला एक कोच भेटले, जे रग्बीतल्या अशा मुलांना अमेरिकन फुटबॉलसाठी तयार करतात. त्यातून स्कॉलरशिप, त्यातून अमेरिकेतलं कॉलेज. विमानतळावरून परत येताना सिस्टर गाडीत म्हणाल्या की फार्मसीला जाणारा मुलगा लाथा मारायला गेला. सुरात तक्रार नव्हती, नोंद होती.

मग त्या खेळ शिकल्या आणि आम्हाला शिकवला. ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी त्यांच्याच शब्दांत सांगते. “चेंडू आपल्याकडे असला की दहा यार्ड पुढे सरकायला चार संधी. तीन औषधं देऊन बघायची. ताप उतरला नाही, की चौथ्याला हट्ट करायचा नाही, पेशंट दुसऱ्यांच्या वॉर्डात पाठवायचा. आणि पाठवायचाच तर सगळ्यात लांबच्या वॉर्डात. ते पाठवायचं काम आपल्या निनादचं.” या लाथेला पंट म्हणतात आणि ती मारणाऱ्याला पंटर. म्हणजे आपल्या संघाचं काही जमेनासं झालं, की निनाद मैदानात येतो. सगळं सुरळीत चाललं तर तो बाकावर बसून पाणी पितो.

मॅचच्या आधी सिस्टर प्रतिस्पर्ध्यांची ओळख करून द्यायच्या. त्यांच्या दृष्टीने ते सगळे दाखल झालेले पेशंट. “क्वार्टरबॅक, म्हणजे त्यांचा मुख्य. हात चांगला, डोकं लवकर तापतं. डावीकडचा तो जाडा, घोटा सुजलाय, उभा राहील पण रेटणार नाही. आणि हा, निनादचा चेंडू झेलून पळत येणारा, हा चपळ आहे. याच्यावर नजर.” त्या मान मोडून इंटरनेटवर सगळं वाचायच्या. मिलिंद विचारायचा, सिस्टर, जिंकणार कोण? त्या म्हणायच्या, “ते डॉक्टरांना विचारा.”

बघायचं कसं, याचेही त्यांचे नियम होते. बाकीचं जग पंटच्या वेळी उठतं, चहा टाकतं, बाथरूमला जाऊन येतं. आमच्याकडे उलट. तिसरा प्रयत्न फसला की बोलणं बंद, चौथ्या प्रयत्नाला उठायचं नाही. चेंडूकडे बघायचं नाही, तो बघायला तिकडे स्टेडियम भरलेलं आहे. बघायचं निनादकडे. तो धावत येतो, हात पुढे धरतो, चेंडू हातात येतो, पाय वर जातो, संपलं. लगेच जाहिराती. उठायचं ते तेव्हा. एकदा आमची एक पाहुणी नेमकी चौथ्या प्रयत्नाला टीव्हीसमोरून चालत गेली.  पुढच्या मॅचला त्या बाईंना खुर्ची भिंतीकडेची मिळाली.

आणि मग त्या रिमोट उचलायच्या. चित्र निनादच्या चेहऱ्यावर थांबवायचं आणि जवळ जाऊन बघायचं. वजन उतरलंय. डावा खांदा जपतोय. झोप झालेली नाही. “मी मॅच बघत नाही,” त्या म्हणायच्या, “मी राउंड घेते.” यात आमची मॅच खऱ्या मॅचच्या मागे पडत जायची. मिलिंद फोनवर स्कोअर बघून बसायचा आणि टीव्हीवर काही घडायच्या आधीच अरेरे म्हणायचा. दुसऱ्यांदा म्हणाला तेव्हा सिस्टरांनी हात पुढे केला, फोन घेतला आणि पोळ्यांच्या डब्यात ठेवून झाकण लावलं. तेव्हापासून सगळ्यांचे फोन त्या डब्यात. टासी दारातच स्वतःहून काढून द्यायचा आणि स्वीट ॲज, सिस्टर, म्हणजे एकदम झकास, असं म्हणायचा.

मागच्या वर्षी एक मॅच अशी झाली की निनादचा संघ सुटलाच. जो तो पळत सुटला होता. टासी नाचला, मिलिंदने शेजाऱ्यांना ऐकू जाईल अशी शिट्टी मारली. पंट एकही झाला नाही. निनाद पूर्ण मॅचभर दिसला नाही. सिस्टर म्हणाल्या, छान झालं. मग स्वयंपाकघरात जाऊन घासलेली पातेली पुन्हा घासायला लागल्या. अरुणराव मागे गेले आणि म्हणाले, अगं, पोरगं जिंकलंय. सिस्टरांनी नळ बंद केला नाही.

“जिंकलं ना,” त्या म्हणाल्या. “दिसलं कुठे?”

त्यानंतर आम्ही उघडच बोलायला लागलो. प्रत्येक मॅचला सिस्टरांचं मागणं ठरलेलं असायचं. तीन वेळा तरी अडू देत, मग खुशाल जिंकू देत. देवापुढे बसून त्या हे म्हणायच्या. स्वतःच्या मुलाच्या संघाचं फसावं म्हणून हात जोडणारी दुसरी आई माझ्या पाहण्यात नाही.

पण निनादला जो निरोप जायचा त्यात हे नसायचं. त्याची बस निघायच्या आधी त्या आमच्या मागच्या दारी उभ्या राहून फोनवर बोलायच्या. हवा सांगायच्या, समोरच्यांचे पेशंट सांगायच्या, जेव म्हणायच्या. आणि शेवटी दर वेळी तेच: “आज तू दिसला नाहीस तरी चालेल.” पंटर दिसला नाही म्हणजे संघाचं उत्तम चाललंय, असा त्याचा अर्थ. त्या दोघांचा तो विनोद होता, शुभेच्छाही होती. मी एकदा विचारलं, सिस्टर, खोटं कशाला? त्या दोरीवरचे कपडे काढत होत्या. “खेळायला निघालेल्या पोराला काय सांगू, तुझे लोक अडखळू देत? माझी हौस माझ्यापाशी. त्याच्या पायाला कशाला बांधू?”

ऑगस्टमध्ये एका सोमवारी ड्यूटीवरून घरी आल्या, बूट काढले आणि तिथेच गेल्या. मंगळवारची दुपारची पाळी त्यांनी मागून घेतली होती, ती कुणीतरी रद्द केली. पुढच्या कामांची वाटणी मीच केली. कुणाला कळवायचं, कोण विमानतळावर, कुणाकडून जेवण. मी हे चांगलं करते. निनाद आला, राहिला, पहिली मॅच चुकवून परत गेला. मला रडू आलं नाही, अजूनही आलेलं नाही. मिलिंद म्हणतो येईल. मी वाट बघत नाहीये.

त्याला विमानतळावर मी सोडलं. गाडीत तो इंग्रजीतच बोलत होता. आता मैदानात धावत जायला नको वाटेल, म्हणाला. मी विचारलं का. “आईला नकोच असायचं ना मी आलेलं. आता गेलो की वाटेल तिचं ऐकलं नाही.” तो हसून म्हणाला, म्हणून मीही हसले. समोर बस लेन संपत होती, मी लेन बदलली.

नंतर टासीने मॅच बघता बघता दाखवून दिलं. निनाद घाई करतोय. चेंडू हातात आला की सुटका करून घ्यायची असल्यासारखा पाय टाकतो. वाऱ्यात शिकलेला मुलगा असा मारत नाही, टासी म्हणाला, वारा बघायला तो थांबतो. चेंडू तोकडे पडत होते. तरी संघ चांगला आहे, जिंकत राहिला, उद्याच्या मॅचपर्यंत पोचला. समोरच्यांचा बचाव या वर्षी फार कडक आहे. उद्या निनादला बऱ्याचदा यावं लागेल, हे आज खोलीतल्या चौघांनाही माहीत होतं.

म्हणून मी विषय काढला. निनादला ते वाक्य हवंय, म्हटलं, पण ते वाक्यच त्याला नडतंय असं मला वाटतं. त्याला खरं सांगायचं का? मिलिंद म्हणाला, मॅचच्या दिवशी नको, त्याने जे मागितलंय ते दे. टासी म्हणाला, सांग, मुलाला कळलं पाहिजे की घरातलं कुणीतरी त्याची वाट बघायचं. मग दोघेही अरुणरावांकडे बघायला लागले. ऑगस्टपासून अरुणराव फारसं बोलत नाहीत. आमच्याकडे येतात, बसतात, चहा घेतात, कप विसळून ठेवतात.

ते म्हणाले, “ती गेल्यावर तिचं काय खरं नि काय खोटं, ते मी नाही ठरवणार.”

मी म्हटलं, मग मी काय पाठवू?

“तू तुझं सांग की. तिचं कशाला सांगतेस?”

मग त्यांनी कप विसळला आणि घरी गेले. टासीही गेला. इथे जानेवारीत उन्हाळा, बाहेर अजून लख्ख उजेड होता, मुलं रस्त्यावर रग्बीचा चेंडू फेकत होती. मी मागच्या दारी उभी राहून निरोप बोलायला घेतला. हवा: मैदान छताखाली आहे, वारा नाही, तेव्हा तू आणशील तेवढाच वारा. समोरच्यांचा क्वार्टरबॅक: हात चांगला, खांद्याला पट्टी दिसते. चेंडू झेलणारा: फार चपळ, त्याच्या डावीकडे मार, असं टासी म्हणतो. जेव. बाबा बरे आहेत, लोणचं खातात. इथपर्यंत एका दमात झालं. हे मला जमतं.

पुढे माझं स्वतःचं काय ते सांगायचं होतं. मी फोन तसाच धरून उभी राहिले. निनाद दिसावा असं मला वाटतं का? न दिसावा असं वाटतं का? आत चाचपून पाहिलं तर हाताला काही लागत नाही. ऑगस्टपासून हे असंच आहे. सिस्टर असत्या तर त्यांनी सांगितलं असतं की हे काय आहे आणि यावर काय द्यायचं. मिलिंद दारात येऊन विचारून गेला, झालं का. बरंचसं झालं, म्हटलं.

उद्याची यादी फ्रिजवर लावली आहे. एक वाजेपर्यंत टीव्ही पुन्हा तपासणे, मिलिंद. खुर्च्या आणणे, टासी. फोन गोळा करणे, अरुणराव. ज्याने त्याने आपल्या नावापुढे होकाराची खूण केली आहे. माझ्या नावापुढे निरोप आहे. तो फोनमध्ये आहे, शेवटच्या वाक्याशिवाय. त्याची बस आमच्या वेळेने उद्या सकाळी निघते.