फक्कीची रेघ

भूतखेत, भानामती... मी असलं काही मानत नाही. आयुष्य यंत्रावर गेलं. यंत्र बंद पडलं की बोल्ट खोलून बघायचं, नारळ फोडत बसायचं नाही. तरी ही एक गोष्ट डोक्यातून जात नाही.

पंचावन्न-छप्पन साल असेल. मी बारामतीचा, भाड्याच्या बुलडोझरवर ड्रायव्हर. अंथुर्ण्याजवळ एका बागायतदाराची बाभळी माजलेली जमीन साफ करायला गेलो होतो. सगळे त्याला तात्या म्हणत. त्याची बांधीव विहीर बांधाला लागूनच होती. शेजारी सगुणाबाईंचं रान. बाई विधवा, नवऱ्यानं खोदलेली कच्ची विहीर हाच काय तो आधार. बाभळी निघाल्यावर तात्या मला म्हणाला, "आता बाईची हीर बुजवा. पाणी गेलं की रान इकून जाईल."

खरं तर थोबाडीत द्यायला हवी होती. नोकरीपायी गप्प बसलो.

पात्यापुढं मातीचा ढीग असला की ड्रायव्हरला लांबचं दिसत नाही. म्हणून आधी चुन्याची फक्की टाकून रेघ मारतात, तिच्या कडेकडेनं चालवायचं. तात्यानं चुनासुद्धा बाईंच्याच खोपटातून उचलला. बाई एवढंच म्हणाल्या, "हिरीच्या बांधकामाला धन्यानं भाजून ठेवलेला हाय त्यो. तुमच्या कामाला येनार न्हाय."

तात्या हसला आणि बाईंच्या विहिरीपर्यंत रेघ मारून घेतली. मी मनात म्हटलं — बुजायचीच तर याची बुजू दे मेल्याची.

भर दुपार होती. बाजूला पांढरी रेघ स्वच्छ दिसत होती. तात्या स्वतः पुढं चालत हात करत होता, "येऊ द्या... येऊ द्या... ढकला आता."

ढकललं. धडाधड दगड कोसळले. कच्च्या विहिरीला कुठले आलेत दगड? उतरून बघतो तर तात्याचीच बांधीव विहीर, काठासकट आत गेलेली. मागं बुलडोझरच्या पट्ट्यांच्या खुणा होत्या, फक्कीचा कणसुद्धा नव्हता. आणि पलीकडं सगुणाबाईंच्या विहिरीपर्यंत रेघ जशीच्या तशी, कुठं मोडलेली नाही.

"तात्या, हात तर तुमीच करत होता," मी म्हणालो.

"मला रेघ दिसत हुती रं," तो पुटपुटला.

माझी नोकरी गेली. मुद्दाम केलं असतं तर छाती काढून सांगितलं असतं... पण केलं नाही.

उन्हाळ्यात खास बघायला गेलो. तात्या सगुणाबाईंच्या विहिरीवर घागर घेऊन उभा. बाईंनी आधी म्हैस पाजली, मग शेळ्या. तो पुढं सरकला तशा म्हणाल्या, "थांबा तात्या, अजून कुत्रं ऱ्हायलंय."

त्या रेघेचा उलगडा मला आजही झालेला नाही. पण खोटं कशाला बोलू, त्या दिवशी मी पोटभर हसलो.