शेवटचा माणूस येईपर्यंत

आबांना कुणी किती वाजले विचारलं, की ते आधी मनगटावरचं घड्याळ तळहाताने झाकायचे. मग विचारणाऱ्याच्या तोंडाकडे बघून म्हणायचे, "कसाले पाहिजे तुले?"

सरळ प्रश्नाला सरळ उत्तर द्यायला काय जातं? मला असल्या माणसांचा संताप येतो. पिंप्राळ्याच्या रिक्षा स्टॉपवर मी 'शेतीला दिवसा वीज द्या' अशी पत्रकं वाटत होते, शेजारी उभ्या आबांना वेळ विचारली, तर हेच. म्हटलं, "मोर्चा आहे. उशीर होतोय."

"मोर्चा तुम्हीच काढताय ना? मग तुमच्याबिगर निघतो कसा?" असं म्हणून त्यांनी घड्याळ दाखवलं. "रविवारी आमच्या अकादमीत या, अक्का."

विशीतल्या पोरीला सत्तरीचा माणूस अक्का म्हणतो म्हणजे टोमणाच. तरी गेले. बघू तर खरं, म्हणून.

अकादमी म्हणजे त्यांच्या कॉलनीच्या आवारातली, पिठाच्या गिरणीला लागून असलेली एक खोली. दारावर रंगवलेली पाटी, 'कालाभ्यास अकादमी'. आत सतरंजी. काळाचा अभ्यास, आणि भिंतीवर घड्याळ नाही! सभासद म्हणजे फैजपूरचे केळीवाले भाऊ, शाळेचे गणवेश शिवणारे चाचा आणि कॉलनीतली चार-दोन माणसं. या आठवड्यात आपण कशाची वाट पाहिली ते प्रत्येकाने सांगायचं, एवढाच अभ्यास.

भाऊ म्हणाले, "शेतात रात्रीच्या लाईटची पाळी होती. कव्हा येईन म्हणून मोटरपाशी बसलो. आलीच नही."

मी ताडकन उठले. "हा तुमचा वेळ चोरलाय, भाऊ! निवेदन द्या!"

"दे, निवेदन दे," आबा शांतपणे म्हणाले. "पन त्याले इचार, बठ्ठा, सगळा येळ चोरीस गया का?"

भाऊ सतरंजीचा दोरा ओढत बसले. मग म्हणाले, "तसं नही. धाकटा भाऊ होता सोबत. बांधावरून भांडण होतं आमचं, बोलत नव्हतो. त्या रात्री बोललो."

आता तुम्हीच सांगा, हे पत्रकात कुठे घालायचं? वीज दिली नाही म्हणून धिक्कार करायचा, की भाऊ बोलले म्हणून आभार मानायचे? मी घरी गेले ते डोकं धरून.

अकादमीचा नियम एकच. शेवटचा सभासद आल्याशिवाय सुरू करायचं नाही. शेवटचे नेहमी चाचाच. ते आले की सगळ्यांनी विचारायचं, काय अडकलं होतं? मी चिडायचे. लोकांना ताटकळत ठेवणाऱ्यांविरुद्ध मी रस्त्यावर घसा फोडते आणि इथे हौसेने ताटकळायचं?

एकदा आबांनी कारण सांगितलं. त्यांची सगळी नोकरी धुळ्याच्या बसस्टँडवर चौकशीच्या खिडकीत गेली. "गाडी हलली की मागून एक जण पळत यायचाच. कुठलीही गाडी असो. पिशवी धरून, हात हलवत. गाडी वेळेवर गेली म्हणून साहेब खूश. आणि तो माणूस माझ्या खिडकीशी येऊन विचारायचा, गेली का हो? त्याला कोणी विचारलं नाही, बाबा तुझं काय अडकलं होतं."

हे पटलं. पण गाड्या मग सोडायच्याच नाहीत का? विचारलं तर हसले.

मग कॉलनीच्या चेअरमनला ती खोली मोबाइलच्या दुकानासाठी भाड्याने द्यायची झाली. मी खवळले. 'अकादमी वाचवा' असं पत्रक छापलं. अकादमी काय करते, त्या ओळीशी मात्र तीनदा अडखळले आणि शेवटी 'मोलाचं कार्य' असं लिहून मोकळी झाले. चेअरमननी सभा लावली. बरोबर दहाला. सगळ्या सभासदांनी येऊन बोलायचं, नाहीतर खोली गेली.

दहा वाजले. आबा, भाऊ, सगळे गिरणीपाशी उभे. आत जाईनात. का? चाचा आले नव्हते.

"आबा, आजच्या दिवस!" मी हात जोडले. "निदान तुम्ही चला!"

"आनि सुरू करू? त्याच्याबिगर?"

मी एकटीच आत जाऊन ओरडले. चेअरमन म्हणाले, "ताई, काळाची अकादमी, आणि वेळेवर येता येत नाही?" सभा खो खो हसली. माणूस लबाड होता, पण बोलला ते खोटं होतं का? ठराव झाला. खोलीला कुलूप लागलं.

चाचा आले तेव्हा त्यांच्या गळ्यात टेप तसाच होता. कुलूप बघून त्यांचा चेहराच उतरला. आबांनी त्यांच्या खांद्यावर हात ठेवला. "काय अडकलं होतं रे, चाचा?"

"एक बाई समोर बसून राहिली, आबा. उद्या शाळा, पोराला पँट नाही. उसको छोड के कैसे आता?"

"बस. नीट सांग." आणि सगळे त्या कुलपासमोर जमिनीवर बसले. अभ्यास सुरू!

"आबा, खोली गेली!" मी अक्षरशः किंचाळले.

"खोली गई, अक्का. चाचा ते उना ना, आला ना शेवटी."

पुढे आबांना त्यांची लेक शिरपूरला घेऊन गेली. आबा सांगून गेले, रविवारी येत जाईन. दोनदा आले, मग पाय सुजले. अकादमी गिरणीच्या पत्र्याखाली भरते. भरते कसली? आबा यायचे असतात म्हणून सुरूच होत नाही. चहा होतो, माणसं रस्त्याकडे बघतात, ऊन उतरलं की उठतात.

गेल्या आठवड्यात लेकीचा फोन आला. आबा गेले. सगळ्यांना कळलं होतं. तरी रविवारी सगळे आले. चाचा तर सगळ्यात आधी. दोन शब्द मी लिहून आणले होते, 'मोलाचं कार्य' वगळून. चहा झाला, तेव्हा उभी राहिले. म्हटलं, "सुरू करू या आता."

चाचांनी वर पाहिलं. "रुको ना, बेटा. आबा आले नाहीत अजून."

भाऊंनी मान हलवली. भांडायला माझ्याकडे मुद्दे होते. मी कागद घडी करून पर्समध्ये टाकला आणि खाली बसले. समोर रस्त्यावर कोणीतरी पिशवी धरून रिक्षामागे पळत होतं. आम्ही सगळ्यांनी तिकडे पाहिलं.