सूद सर खाली उभे होते

हे मी बायकोलाही सांगितलेलं नाही. दत्ता घरी आला की मी गप्प होतो, ते जुन्या आठवणींमुळे, असं तिला वाटतं. तसं मी तिला वाटू दिलंय. आयुष्यभर दुसरं काय केलं मी?

दत्ताराम घाडी घाटकोपरच्या चाळीतला. वडील गिरणीत होते, गिरणीतलं काम सुटल्यावर कुठेतरी वॉचमन झाले. मी मुलुंडचा, वडील सरकारी कचेरीत. ऐंशीच्या दशकात आम्ही दोघं एकाच वेळी लष्करी अकादमीत निवडले गेलो. तिथे सगळीकडे हिंदी नाहीतर इंग्रजी. मराठीत शिवी द्यायलाही आम्हाला एकमेकांशिवाय कोणी नव्हतं. दत्ता होता म्हणून मी तिथे टिकलो — हे आधीच सांगून ठेवतो.

शेवटच्या वर्षी मी फुटबॉल टीमचा कॅप्टन झालो. का झालो? इंग्रजी बरं होतं, आवाज मोठा होता म्हणून. खेळायचा तो दत्ता. डाव्या बाजूने बॉल घेऊन सुटला की समोरचे नुसते बघत राहायचे. त्या सीझनला शहरातल्या एकेका कॉलेजला हरवत आम्ही फायनलला पोचलो, ते त्याच्या पायांवर. हे सगळ्यांना माहीत होतं. मलाही.

सेमीफायनलमध्ये त्याच्या गुडघ्यावर कोणाचा तरी बूट बसला. फायनलच्या आदल्या संध्याकाळी तो माझ्या खोलीत आला आणि पँट वर करून दाखवली. गुडघा नारळाएवढा सुजला होता.

"तू सरांना सांग ना यार," तो म्हणाला. "मी स्वतः गेलो तर म्हणतील, फायनल आली आणि घाटी घाबरला."

सूद सर म्हणजे आमचे कोच. आर्मीतले अधिकारी, कडक — पण चांगला माणूस. टीमची खबर घेऊन रोज संध्याकाळी त्यांच्याकडे जायचं, हे कॅप्टनचं काम. मी गेलो. सर बंगल्याच्या व्हरांड्यात वेलाला सुतळी बांधत होते. मागे वळून न बघताच त्यांनी विचारलं, "सब फिट?"

मी म्हणालो, "येस सर."

तोंडातून निघून गेलं, असं म्हणू का? नाही, तसं नव्हतं. वाटेत चालताना मी ठरवूनच गेलो होतो. दुसऱ्या दिवशी वडील मुलुंडहून रजा काढून मॅच बघायला येणार होते. मुलगा कॅप्टन, आणि मुलगा हरतोय — हे त्यांना दिसायला नको होतं. एवढंच कारण. यापेक्षा मोठं काही असतं तर सांगितलं असतं.

परत आलो. दत्ता वाट बघत होता.

"सांगितलं रे. सर म्हणाले, पट्टी बांध आणि खेळ."

"असं म्हणाले?"

"हो."

त्याने पँट खाली केली आणि लंगडत निघून गेला.

पट्टीवर लांब मोजा ओढून त्याने पहिला हाफ काढला. दुसऱ्या हाफमध्ये, समोरच्या टीमचं कोणी जवळ नसताना, पळता पळता तो कोसळला. गुडघ्याचा आवाज मी ऐकला. सूद सर मैदानात धावत आले, त्याचं डोकं मांडीवर घेतलं. दत्ताने तोंड फिरवलं. त्याला उचलून नेलं. आम्ही एका गोलने जिंकलो. ढाल मी घेतली. वडील टाळ्या वाजवत होते.

हॉस्पिटलच्या व्हरांड्यात सरांनी मला विचारलं, "त्याला आधीपासून दुखत होतं. तुला काही बोलला होता?"

"नाही सर."

सर बाकावर बसले. "लपवलं वेड्याने," एवढंच म्हणाले.

म्हणजे दत्ताला वाटलं, सरांनी जबरदस्तीने खेळवलं. सरांना वाटलं, दत्ताने लपवलं. दोघं एकमेकांशी बोलले असते तर? म्हणून ते बोलू नयेत, एवढंच मी बघत राहिलो. मेडिकल बोर्डाने दत्ताला अनफिट ठरवून घरी पाठवलं.

दिवाळीच्या सुट्टीत मी घाटकोपरला गेलो. आयेने — दत्ताच्या आईने — माझ्यापुढे करंज्या ठेवल्या आणि म्हणाली, "त्या सायबाचा कधी बरा होवचा नाय रे झिला." मी करंजी खाल्ली.

तेवढ्यात गॅलरीतून दत्ता म्हणाला, "तो आलाय."

सूद सर खाली उभे होते. साध्या कपड्यांत, हातात मिठाईचा पुडा, घामाने भिजलेले. पोरं क्रिकेट थांबवून त्यांच्याकडे बघत होती.

"त्याला वर आणू नकोस," दत्ता म्हणाला. "मी घरात नाही म्हणून सांग."

जिना उतरताना मला काय वाटलं माहीत आहे? सुटलो, असं वाटलं.

मी सांगितलं, दत्ता गावाला गेलाय. सरांचा चेहरा उतरला. मग ते म्हणाले, लष्करी हॉस्पिटलमधला एक सर्जन त्यांचा दोस्त आहे, तो गुडघा बघायला तयार आहे. उशीर करून चालणार नाही. "आला की लगेच मला फोन करायला सांग." मी हो म्हणालो. त्यांनी माझ्या पाठीवर हात ठेवला, पुडा माझ्या हातात दिला आणि उन्हातून चालत स्टेशनकडे गेले.

"काय म्हणत होता?" दत्ताने विचारलं.

"काही नाही रे. सहज आले होते."

फोन झाला, तर दोघं बोलणार होते. बोलले असते तर पहिल्या मिनिटाला माझं नाव निघालं असतं. तेवढ्यासाठी एक पाय — मित्राचा — मी जाऊ दिला.

पुढे मी अधिकारी झालो, कर्नल म्हणून निवृत्त झालो, मुलुंडला परत आलो. दत्ता औषधांच्या एका गोदामात डिस्पॅचला लागला, बसून करायचं काम. गुडघा वाकतच नाही. आमच्या बिल्डिंगचे दोन जिने तो एकेक पायरी, कठडा धरून चढतो. दार उघडून मी वर उभा असतो आणि तो येईपर्यंत ऐकत राहतो.

गेल्या वर्षी सूद सर गेल्याचं कळलं. दत्ता आला तेव्हा मी सांगितलं. म्हटलं, आता तरी बोलेन. सर नाहीत, आये नाही, माझे वडील नाहीत. आता कोणापासून लपून राहायचं?

दत्ताने कपातला चहा संपवला. मग म्हणाला, "मेला का? बरं झालं." आणि थोड्या वेळाने, "त्या दिवशी तू माझ्यासाठी त्याच्याकडे गेलास ना रे. तू एकच माणूस होतास तिथे माझा."

मी विचारलं, अजून चहा घेणार का. तो हो म्हणाला.

मी आत गेलो आणि आधण ठेवलं.