ऋषींची पाटी

लिहिलेलं खरं करणारं यंत्र माझ्या बाबांनी एकदा बनवलं होतं. तसं एक यंत्र मिलच्या मालकांकडेही होतं, पण त्यांना त्यासाठी ना लाकूड लागलं ना मोटर. त्यांनी टाइप केलेला एक कागद गेटावर डकवला आणि आतले सगळे माग थांबले. देश कसा मोकळा होतोय ते तेव्हा वर्तमानपत्रं रोज छापत होती. आमच्या चाळीतले पुरुष मोकळे झाले होते, एवढं मी डोळ्यांनी पाहिलं.

बाबा जॉबर होते, म्हणजे बिघडलेले माग दुरुस्त करणारे. इंदूरच्या मल्हारगंजात मामाचं हार्डवेअरचं दुकान होतं आणि तो येईल तेव्हा बाबांना दुकानात बसायला बोलवायचा. बाबांचं उत्तर ठरलेलं: गणपतीनंतर मिल उघडतेय, वर बोलणी चालू आहेत. वर म्हणजे कुठे, हे विचारायची सोय नव्हती. शेवटी मामाने आईला सांगून टाकलं की दिवाळीच्या आत तो दुसरा माणूस बघणार. आईचा जीव टांगणीला लागला होता, पण ती बाबांपुढे काही बोलत नसे.

अनंत चतुर्दशीला इंदूरचे मिल कामगार विजेवर हलणारे देखावे गाड्यांवर चढवून मिरवतात, त्यांना आमच्याकडे झांकी म्हणतात. मिल बंद पडली तरी झांकी निघालीच पाहिजे, असा हट्ट धरून आमच्या लोकांनी बाजारात वर्गणी मागितली. चौकीदाराने गेटच्या आतलं पटांगण वापरू दिलं. मला या सगळ्याचा संताप यायचा. घरात आई तेल थेंबाथेंबाने वापरत होती आणि बाबा उपाशीपोटी देखावे रंगवत होते.

देखावा त्यांच्याच डोक्यातून निघाला होता. एक लाकडी ऋषी पाटीवर शब्द लिहितो आणि ते तिथल्या तिथे घडतं. ‘जल’ लिहिलं की मागच्या डोंगरावरून पाणी वाहतं, ‘कमल’ लिहिलं की पत्र्याचं कमळ उघडतं. कापडातली नक्षी ठरवणारी, खुंट्या ठोकलेल्या लाकडी पट्ट्यांची माळ बाबांनी एका मोडीत निघालेल्या मागावरून काढली होती. मागावर तीच खुंटी धागे उचलायची, इथे ती बटण दाबायची. पाटीवरची अक्षरं कापून रंगवायचं काम माझ्याकडे होतं, कारण मी कॉलेजात होते आणि माझं अक्षर बरं होतं.

शेवटचा शब्द कुठला, यावर कुणाचं दुमत झालं नाही. ऋषी ‘मिल’ लिहिणार, पुठ्ठ्याच्या चिमणीतून धूर निघणार आणि भोंगा वाजणार. भोंगा खोटा नको म्हणून बाबांनी मिलचाच जुना भोंगा छपरावरून उतरवला आणि रस्त्यावरच्या टायरवाल्याचा कॉम्प्रेसर त्याला जोडला.

चतुर्दशीच्या आदल्या दुपारी त्यांनी देखावा चालवून पाहिला. ऋषींचा हात फिरला, मी रंगवलेली अक्षरं उजळली आणि भोंगा असा वाजला की पत्र्यावरची कबुतरं उडाली. आम्ही सगळे टाळ्या वाजवत होतो. तीन वाजायला आलेत आणि तीनला दुसऱ्या पाळीचा भोंगा व्हायचा, हे आमच्यापैकी कुणाच्याही लक्षात आलं नाही.

लोक यायला लागले. कुणी बनियनवर, कुणी अर्धी दाढी केलेला, कुणी सायकल तशीच आडवी टाकून. विणकर खात्यातले एक म्हातारे गृहस्थ हजेरीचा बिल्ला छातीला लावून आले होते. गेटाबाहेर एवढी माणसं झाली की चौकीदार घाबरला. त्या गर्दीत मला आई दिसली. तिच्या हातात बाबांचा डबा होता. इतक्या घाईत तिने तो कधी भरला कोण जाणे.

बाबा गेटाशी गेले. मला वाटलं, काहीतरी समजावून सांगतील.

“झांकीचा आहे,” ते कसेबसे म्हणाले. “झांकी का है, भिया. मिल बंदच है.”

कुणी शिवी दिली असती तर बरं झालं असतं. ते बिल्लावाले म्हातारे गजांपाशी आले आणि हात जोडून म्हणाले, “तो एक बार और बजा दो.”

बाबांनी वाजवला नाही. लोक पांगले. आई डबा घेऊन तशीच परत फिरली आणि संध्याकाळी तोच डबा उघडून तिने बाबांना वाढलं. ते खाली मान घालून गार पोळी खात राहिले. मला मालकांचा राग आला, वर बोलणी करणाऱ्यांचा आला आणि सगळ्यात जास्त त्या ऋषींचा आला.

अनंत चतुर्दशीला दिवे लागायच्या वेळी झांकी गेटातून बाहेर पडली. पाणी वाहिलं, कमळ उघडलं, पोरं ओरडली. मग ऋषींनी ‘मिल’ लिहिलं. चिमणी गप्प, भोंगा गप्प. लाकडी हात अक्षरांपुढे नुसता थांबून राहिला. बाबांनी सकाळीच धूर आणि भोंगा चालवणाऱ्या खुंट्या उपटून काढल्या होत्या, हे आमच्या घराबाहेर कुणाला माहीत नव्हतं.

“बिगड़ गई दिखती है,” गर्दीतला एक जण हसून म्हणाला.

बाबा गाडीच्या चाकापाशी उभे होते. “बिघडली नाही,” ते म्हणाले. “आता बरोबर चालतेय.” मग माझ्याकडे वळून त्यांनी विचारलं, मामाचं दुकान सकाळी किती वाजता उघडतं.