पाहुण्यांनी घातलेलं गणित
ओल्या फडक्यानं पुसलेल्या पाटीचा वास आला की मला अहमदपूरच्या घरातली ती दुपार आठवते. दुष्काळाचं साल होतं, लातूर नुकताच वेगळा जिल्हा झाला होता आणि तिथल्या नव्या कचेरीत लागलेला मुलगा मला बघायला आला होता. मला मात्र दहावीनंतर शिकायचं होतं. बाहेर टँकरपाशी घागरींचा कलकलाट चालला होता. मुलाचे काका गणिताचे मास्तर. त्यांनी पाटीवर ६x² + ९x लिहिलं आणि म्हणाले, "पोरी, यातलं सामाईक काढून दाखव." मला उत्तर लख्ख दिसत होतं, ३x बाहेर आणि कंसात २x + ३. पण बरोबर आलं तर पसंत करतील, म्हणून मी मुद्दाम x बाहेर काढून कंसात ६ + ९ लिहिलं. "चुकलं," काका म्हणाले. मला सुटल्यासारखं झालं. तेवढ्यात मुलाची आई हसली, "चुकू द्या की भावजी. आमाला काय शाळा चालवायची हाय? पोरगी पसंत हाय." माझ्या आईनं माझ्या तोंडात साखर घातली, मी ओल्या फडक्यानं पाटी पुसून टाकली. आता मी लातुरात मुलींची शिकवणी घेते. एखादीचं सोपं उत्तर चुकलं, की आधी तिच्या तोंडाकडं बघते.