सहा नंबरचा म्हातारा

गावाला नळानं गॅस पुरवणाऱ्या चौकीतले काका माणसांना चेहऱ्यावरून नव्हे, दाबावरून ओळखत. सकाळी साडेसहाला दाबाचा काटा जरा खाली आला, की दवाखान्यातला स्वयंपाक सुरू झाला. सातला आणखी उतरला, की घराघरांतल्या शेगड्या पेटल्या. एकोणतीस वर्षं हेच. लोक त्यांच्याशी फक्त तक्रार करायला बोलत, आणि काकांची त्याबद्दलही तक्रार नव्हती.

त्या हिवाळ्यात थंडीनं कहर केला. मागणी दुप्पट झाली आणि नेमका तेव्हाच वरून येणारा गॅस निम्म्यावर आला. कचेरीतून साहेबांचा फोन आला. साहेब नवे, काकांच्या मुलाच्या वयाचे, चौकीत कधी पाऊलही न टाकलेले.

"काका, दवाखान्याचा दाब काही झालं तरी पडता कामा नये. एखादी लाइन बंद करावी लागेल. कुठली करू या?"

"सहा नंबर," काका म्हणाले.

"किती घरं आहेत तिथं?"

"होती बारा. काचेचा कारखाना बंद पडला, लोक गेले. आता एकच राहिलंय."

"कोण राहतं?"

"आहे एक म्हातारा."

"त्याला विचारून घ्या हं."

"विचारलं. चालेल म्हणतो."

काकांनी सहा नंबरचा व्हॉल्व्ह बंद केला आणि संध्याकाळी चौकीला कुलूप लावून आपल्या गारठलेल्या घरी गेले. गल्लीतल्या अकरा दारांना कुलपं होती. बारावं दार त्यांचं. बायको होती तोवर निदान "आलात?" एवढं विचारणारं कोणी होतं. मुलगा परदेशी, त्याचा फोन आठवड्यातून एकदा, तोही घाईत. शेगडीचा जाळ तेवढा सोबतीला होता, तोही त्यांनी आपल्याच हातानं विझवला होता. कोरडा पाव चावून ते दोन पांघरुणांखाली शिरले.

नऊ दिवसांनी गॅस पूर्ववत झाला. काका पाना हातात घेऊनच फोनपाशी उभे होते.

"सहा नंबर राहू द्या," साहेब म्हणाले. "बाकीच्यांनी दाब कमी म्हणून नाकात दम आणला. तिथून मात्र एकही तक्रार नाही. म्हणजे गरजच नाही. सोमवारी ती लाइन कायमची कापून टाकू."

काका नुसतं "बरं" म्हणाले. जन्मभर दुसऱ्यांच्या तक्रारी लिहून घेतलेल्या माणसाला स्वतःची सांगता येईना. घरी पोचल्यावर मात्र राग आला, साहेबांचा नव्हे, स्वतःचाच. तिरीमिरीत त्यांनी तक्रारीचा नंबर लावला. घंटी वाजत राहिली. सातव्या-आठव्या घंटीला त्यांच्या डोक्यात प्रकाश पडला. तो फोन बंद चौकीत, त्यांच्याच टेबलावर वाजत होता, आणि तो उचलणारा एकुलता एक माणूस इथं कानटोपी घालून बसला होता. काकांना हसू आलं. हसता हसता रडू कोसळलं. बायको गेली तेव्हाही ते इतके रडले नव्हते.

सकाळी त्यांनी चौकी उघडली, तक्रारवही काढली, दोन ओळी लिहिल्या आणि साहेबांना फोन लावला.

"सहा नंबरची तक्रार आलीय, साहेब."

"आत्ता? इतक्या दिवसांनी? काय म्हणतो तुमचा म्हातारा?"

"चालणार नाही म्हणतो." काकांनी वही मिटली. "मी राहतो तिथं, साहेब."