तीन करांचं बिल

कॅम्पात मला सगळे मास्तर म्हणतात. मी आयुष्यात कुठल्या शाळेत शिकवलेलं नाही. सौदीत अबकैकजवळच्या एका ठेकेदाराकडे मी स्टोअरकीपर आहे, व्हॉल्व्ह आणि गास्केट मोजून घेतो, मोजून देतो. दिवसभर बिलं वाचायची सवय आणि तोंड गप्प बसत नाही, एवढ्यावर हे नाव चिकटलं. व्हॅट पाचाचा पंधरा टक्के झाला तेव्हा अर्ध्या मेसला वाटलं की कोपऱ्यावरचा दुकानदार लुबाडतोय. भांडणं व्हायची वेळ आली. मग मी जेवणाच्या टेबलावर बिल पसरून सगळ्यांना समजावलं. सिगारेटवर आणि कोल्ड्रिंकच्या डब्यांवर सरकार आधी वेगळा टॅक्स लावतं, कारण माणसानं ते कमी घ्यावं असं सरकारला वाटतं. तो किमतीत मिसळतो, आणि त्या फुगलेल्या किमतीवर परत व्हॅट बसतो.

"म्हणजे टॅक्सवर टॅक्स?" दादांनी विचारलं होतं.

"टॅक्सवर टॅक्स," मी म्हटलं.

दादा म्हणजे माझ्या खोलीतले पाइप फिटर. श्रीवर्धनकडचे, माझ्यापेक्षा बारा वर्षांनी मोठे. अकरा वर्षं आमच्या खाटा समोरासमोर होत्या. माणूस कमी बोलणारा, पण डोक्यात एकदा एखादी गोष्ट बसली की पहारीनं निघायची नाही. टॅक्सवर टॅक्स ही गोष्ट त्यांना इतकी आवडली की पुढं महिनाभर ते ज्याला त्याला तेच सांगत फिरले, आणि शेवटी म्हणायचे, "विचारा मास्तरला." मलाही ते आवडायचं. खोटं कशाला बोलू, फार आवडायचं.

आमच्या बाजूचा माणूस बिल टाकत नाही. आखातात पहिल्यांदा आलेल्यांनी मुंबईच्या कस्टमला टीव्हीपासून इस्त्रीपर्यंत सगळ्याची बिलं दाखवत रांगा लावल्या, ती भीती अजून हाडात आहे. दादांचं तर त्यात वेडच होतं. बिस्किटांच्या पत्र्याच्या डब्यात त्यांनी बावीस वर्षांची बिलं ठेवली होती, अक्षरं उडून गेलेली कोरी बिलंसुद्धा. त्यांचा नियम होता, कस्टमवाल्यानं विचारायच्या आधी आपण बिल पुढं करायचं. मागितल्यावर खिसे चाचपायला लागलो की त्याला संशय येतो, म्हणायचे. दोन्ही पोरींना त्यांनी हेच शिकवलं. थोरली अमेरिकेत नर्स आहे, तीसुद्धा बापाला साधे मोजे आणले तरी आत बिल ठेवायची.

त्यांचे गुडघे गेले होते. बावीस वर्षं पाइपांखाली उकिडवं बसून कुणाचेही जातील. गेल्या वर्षी सुट्टीवर जायच्या आधी सुपरवायझरनं तोंडावर सांगितलं, परत आल्यावर मचाणावर चढता आलं तर ठीक, नाहीतर फायनल एक्झिट, खलास. दादांना अजून दोन वर्षं हवी होती. धाकटीची कॉलेजची दोन वर्षं उरली होती, तेवढी झाली की मी आपल्या पायांनी जातो, असं ते म्हणायचे. जाताना बॅग उचलायला मी गाडीपर्यंत गेलो. पायरी चढताना त्यांनी माझा खांदा असा दाबून धरला की दोन दिवस दुखत होता.

त्या सुट्टीत थोरली आणि जावईही गावी आले होते. तीनेक आठवड्यांनी, दुपारच्या जेवणाच्या सुट्टीत मी स्टोअरमध्ये डबा उघडून बसलो होतो, तेव्हा व्हॉट्सअॅपवर दादांचा फोटो आला. एका अमेरिकन बिलाचा. बिलाची घडी घातलेली होती, वरचा अर्धा भाग खाली गेलेला, दिसत होत्या फक्त शेवटच्या ओळी. मागोमाग त्यांचा आवाज, "मास्तर, ह्यात टॅक्सच्या तीन ओळी दिसतायत रे. एवढे कसले? पोरीला फसवलं तर नाही ना कुणी?"

मी फोटो मोठा केला. तीन कर होते. पहिला राज्याचा, दुसरा त्या शहराचा, तिसरा नेहमीचा विक्रीकर, आणि तो पहिले दोन धरून आलेल्या रकमेवर. टॅक्सवर टॅक्स. आणि पहिल्या ओळीत कराच्या आधी एक शब्द होता, कॅनाबिस. म्हणजे गांजा. तिकडे काही राज्यांत तो दुकानात मिळतो, कायदेशीर, बिल मिळतं, हे मी कुठंतरी वाचलं होतं. पण असं बिल पहिल्यांदाच पाहत होतो.

मला हसू फुटलं. मला वाटलं, जावयाची भानगड. जावई तिकडे गांजा ओढतो आणि त्याचं बिल बायकोच्या हातून सासऱ्याच्या हाती लागलं. आता सासऱ्याला कसं सांगायचं? माणूस सुट्टीवर गेलाय, घरात पाहुणे, लेक चार वर्षांनी आलीय. मी कशाला तोंड घालून त्यांच्या घरात आग लावू? असा विचार केला मी. आणि त्या विचाराचं मला मोठं कौतुकही वाटलं, की बघा, मी किती समजूतदार.

मी व्हॉइस मेसेज पाठवला. त्यात मी म्हणालो, "दादा, काही फसवलेलं नाही. पहिला एका खास मालावरचा टॅक्स आहे, आपल्याकडे सिगारेटवर असतो ना, तसलाच. दुसरा गावचा. तिसरा दोघांच्या डोक्यावर, तुमचा लाडका टॅक्सवर टॅक्स. तिन्ही भरलेत. एकदम पक्कं बिल आहे, जगात कुठंही दाखवा."

दादांनी अंगठा पाठवला. माल कोणता, हे त्यांनी विचारलं नाही, आणि फोटो कशाला पाठवलात, हे मी विचारलं नाही. घडी उघडून वरचा भाग पाठवा, एवढं म्हणायला काय जात होतं? पण मला जेवायचं होतं. संध्याकाळी खोलीत मात्र मी जीभ आवरली नाही. दादांचा जावई गंजेडी आहे, पण सरकारला तीन तीन कर भरून ओढतो, असं मी सगळ्यांना सांगितलं आणि सगळे पोट धरून हसलो. सातजणांच्या खोलीत सहाजणांना कळलं होतं की ते बिल गांज्याचं आहे.

वरच्या अर्ध्या भागात मलमाचं नाव होतं. गुडघ्यांना लावायचं मलम, डबी हाताच्या मुठीत मावेल एवढी. थोरलीनं ते आईवडलांना गावी लावायला म्हणून आणलं होतं. तिच्या दवाखान्यातले म्हातारे लावतात, गुण येतो, म्हणून. त्यात काय आहे हे तिनं आईच्या कानात सांगितलं होतं, आणि गावातच ठेवा, असंही. आईनं ते नवऱ्याला सांगितलं नाही, कारण कळलं असतं तर त्यांनी डबी परसात फेकली असती, आणि गुडघ्यांना तर आराम पडत होता. दादा दोन वर्षांनी पहिल्यांदा मांडी घालून जेवायला बसले होते. थोरली परत गेल्यावर त्यांनी बॅग भरली, तेव्हा डबी कपड्यांत गुंडाळली आणि बिल पासपोर्टात ठेवलं. परत आल्यावर मचाणावर चढायचं होतं त्यांना.

हे सगळं मला नंतर त्यांच्या बायकोनं फोनवर सांगितलं, रडत, तुकड्यातुकड्यानं. तेव्हा मला एवढंच कळलं होतं की दादा दम्मामच्या विमानतळावर उतरले आणि कॅम्पात आले नाहीत.

दोन दिवस फोन बंद. मी कंपनीच्या मंदूबच्या मागं लागलो. मंदूब म्हणजे सरकारी कचेऱ्यांतली कामं करणारा कंपनीचा माणूस. इकाम्याचं, म्हणजे इथं राहायच्या परवान्याचं, काहीतरी असेल, असं मी त्याला म्हणत राहिलो. तिसऱ्या दिवशी तो स्टोअरच्या दारात आला आणि आत न येताच म्हणाला, "तुझ्या दोस्ताजवळ हशीश सापडली." मी म्हटलं, नाव चुकलं असेल, ते तर विडीही ओढत नाहीत. तेव्हा त्यानं पुढचं सांगितलं. बॅग तपासायला काढली होती, डबी तर कुणी हातातही घेतली नव्हती. दादांनी स्वतःच पासपोर्टातून बिल काढून पुढं केलं. अधिकाऱ्याला इंग्रजी येत होतं. त्यानं एक ओळ वाचली आणि वरच्याला बोलावलं. हे तर फोन काढून कुणाचातरी आवाज ऐकवत होते, मंदूब म्हणाला, हिंदीसारखी कुठली तरी भाषा, कुणाला काही कळलं नाही.

कुणाचा आवाज, ते मला विचारावं लागलं नाही.

मी मंदूबला सांगितलं की तो आवाज माझा आहे, मला घेऊन चल, मी सांगतो साहेबांना. त्यानं माझ्याकडे बघितलं आणि म्हणाला, तू हे आता मला बोललास, दुसऱ्या कुणाला बोलू नकोस. आणि मी बोललो नाही. माझाही इकामा आहे, माझंही घर आहे. हे लिहिताना स्वतःची शिसारी येते, पण मी मूग गिळून बसलो, हे खरं आहे. खोलीतल्या पाचजणांनीही त्यानंतर त्या बिलाचं नाव काढलं नाही. दादांच्या खाटेवर कुणीतरी आपली बॅग ठेवली, ती मी उचलून बाहेर फेकली आणि विनाकारण भांडलो.

त्यांचा फोन पाच आठवड्यांनी आला, तुरुंगातल्या फोनवरून, दुपारी. काही मिनिटंच मिळतात. मी नुसता "दादा" म्हणालो. त्यांचा आवाज मात्र कामावरच्यासारखा होता.

"मास्तर, ऐक. मी इथं बसून सगळा हिशोब लावला. तिकडचे तिन्ही भरले होते. इथला राहिला. बाहेरचा माल आत आणला तर इथलाही लागत असणार, तो आपल्या डोक्यात आला नाही. किती होतो ते काढ. दंडासकट काढ. कंपनीला सांग, पगारातून कापा."

पाच आठवडे तो माणूस हेच धरून बसला होता. समोरच्यांची भाषा येत नाही, दुभाषा आला तो केरळचा, त्याचं हिंदी यांना अर्धंच कळलेलं. मी म्हणालो, "दादा, इथला टॅक्स राहिला नाही. त्या मालावर इथं टॅक्सच नसतो. तो माल इथं आणायचाच नसतो. मलमात गांजा होता."

पलीकडे मागं कुणीतरी अरबीत ओरडत होतं.

"तुला तेव्हा माहीत होतं?"

"बिलावर लिहिलं होतं."

"मग त्या मेसेजात का नाही बोललास?"

मी म्हणालो, मला वाटलं जावयाचं आहे, तुमच्या घरात वाद नको म्हणून. हे बोलताना मला माझीच लाज वाटली. शिवी दिली असती तर बरं झालं असतं, पण दादांनी दिली नाही.

मग म्हणाले, "थोरलीला हे कळता कामा नये. तिनं आणलं म्हणून ती जिवाचं काहीतरी करून घेईल. तिला सांग, टॅक्सचं लफडं आहे. तू सांगितलंस तर खरं मानेल. तुझ्यावर विश्वास आहे घरच्यांचा." आणि फोन कापला गेला.

वर्षं लागतील, मंदूब म्हणतो, आणि सुटले की तिथूनच थेट विमानात, परत या देशात पाय नाही. किती वर्षं ते कुणी सांगत नाही. धाकटीनं कॉलेज सोडलं असं ऐकलं.

थोरलीचा फोन त्याच आठवड्यात आला. तिकडे सकाळ असावी, मागं भांड्यांचा आवाज येत होता. ती मला काका म्हणते. तिचा आवाज इतका बारीक झाला होता की मी आधी ओळखलाच नाही. "काका, खरं सांगा, त्या डबीमुळे आहे का?"

"नाही गं," मी म्हणालो. "टॅक्सचं लफडं आहे. इथला टॅक्स भरायचा राहिला."

ती रडायला लागली, सुटल्यासारखी. नाक ओढत मधेच हसलीसुद्धा. मग म्हणाली, "थांबा काका, पेन घेते. किती भरायचाय ते सांगा, आम्ही आजच पाठवतो."